दोन बेटांमधलं पाणी

“मग तुम्ही आम्हाला ते एकच बेट म्हणून का शिकवलंत?”

श्रीरंगने ओटीवर नकाशा पसरला. उत्तर ध्रुवाजवळची ती निर्मनुष्य बेटं त्याने जहाजावरून फिरून स्वतः मोजली होती. शाळेत असताना त्यांचं वेड लावलं ते नरहर मास्तरांनी. तरुणपणी ते एका मोहिमेबरोबर तिथे जाऊन आले होते. त्यांचीच चूक त्यांना दाखवायला तो मुद्दाम आंजर्ल्याला आला होता.

मास्तरांना आता दिसत नव्हतं.

“आम्ही गेलो तेव्हा एकच होतं,” ते म्हणाले. “चालत ओलांडलं आम्ही.”

“तो नुसता बर्फ होता, मास्तर. वितळला. खाली जमीन नव्हतीच. आमचं जहाज गेलं मधून.”

“कड्यांवर पक्षी आहेत अजून?”

“हजारोंनी. शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही.”

मास्तर हसले. “हसन म्हणायचा, हर्णैचा मासळीबाजार इथे कुणी आणला?”

“हसन कोण?”

“खाडीपलीकडचा. जहाजावर खलाशी होता. तिथे झाड नाही, माणूस नाही, सूर्य मावळायचं नाव घेत नाही... आणि हा गडी खडकावरचं शेवाळ दाखवून म्हणायचा, यंदा भात बरा आलाय.”

श्रीरंगलाही हसू आलं. वर्गात मास्तरांनी हे कधी सांगितलं नव्हतं.

“आहेत का आता हसनचाचा?”

“परत मी एकटाच आलो.”

मास्तर पुढे म्हणाले, “त्या बर्फाच्या मधोमध वादळाने गाठलं आम्हाला. वादळ निवलं, पण तो उठला नाही. तिथेच पुरला. त्याच्या तोंडून ऐकून येत होती तेवढी दुआ म्हटली.”

“त्याच्या घरी तुम्हीच कळवलंत?” श्रीरंगने विचारलं.

“त्याची आई विचारायची, कुठल्या गावात ठेवलंस रे त्याला? गाव कुठलं सांगणार? बेटाचं नाव सांगितलं. म्हातारीने ते अवघड नाव पाठ केलं... मरेपर्यंत घेत राहिली.”

मास्तरांनी हात पुढे केला.

“माझं बोट ठेव तिथे. मधोमध.”

श्रीरंगने त्यांचं बोट धरून नकाशावरच्या निळ्या पट्टीवर टेकवलं. त्याला जहाजाचा डेक आठवला. नवी सामुद्रधुनी सापडली म्हणून सगळ्यांनी टाळ्या पिटल्या होत्या. त्यानेही.

“मला ठाऊक नव्हतं, मास्तर.” तो नकाशा गुंडाळू लागला.

“राहू दे.” मास्तरांनी बोट उचललं नाही. “पाण्याला ओढ आहे?”

“आहे. चांगलीच.”

“कुठल्या दिशेला?”

“दक्षिणेला.”

समोर माडांमागे समुद्र वाजत होता.

“म्हणजे हसन घराकडे निघाला.”