सावलीचा उतार

“…मग मी चुकलो कुठे?” तमालनं विचारलं.

येसाई अंगणात वालाच्या शेंगा सोलत बसली होती. तिनं मान वर केली नाही.

“चुकला नाहीस. वारा इकडे येत होता, मी इथून ऐकलं. एकही सूर हलला नाही.”

“तरी सावली का गेली नाही?”

येसाईनं पुढची शेंग उचलली.

अरणीच्या खोऱ्यात माणूस गेलं की देह जळायचा, सावली मागे राहायची. ज्या जागी त्या माणसाचा जीव रमायचा, तिथेच ती चिकटून बसायची. कुणाची उंबऱ्यावर, कुणाची बांधावर. तिला मोकळं करायला खोऱ्यात एकच रचना गात. तिला ‘उतार’ म्हणत. उंच स्वरावरून निघून ती हळूहळू खाली यायची आणि सर्वांत खालच्या स्वराशी टेकली, की सावली उठून उन्हात विरून जायची.

येसाईनं हयातभर उतार गायला होता. आता तिचा गळा बसला होता आणि गाणं तमालकडे आलं होतं. त्याचा आवाज असा होता, की ज्यांच्या घरी कुणी गेलेलं नाही तेही ऐकायला यायचे. हे तमालला ठाऊक होतं. ते त्याच्या चालण्यातसुद्धा दिसायचं.

भोरा कुंभाराच्या घरी मात्र अडलं. भोराची बायको रेवली पावसाळ्यात तापानं गेली होती. तिची सावली चाकामागच्या भिंतीवर राहिली होती. तमाल रोज जाऊन गात होता आणि रोज एकच घडत होतं. गाणं सुरू झालं की सावली भिंत सोडून खाली यायची, समोर बसायची, आणि गाणं संपलं की परत भिंतीवर जायची.

“माझं गाणं ऐकायलाच थांबते ती,” तमाल म्हणाला. हे सांगताना त्याला वाईट वाटत होतं, आणि थोडं बरंही.

“भोरा काय म्हणतो?”

भोरा काहीच म्हणत नव्हता. गाणं चालू असताना तो सावलीशेजारी बसायचा, संपलं की भिंतीपाशी. चाक बंद होतं, माती वाळून तडकली होती. मागे राहिलेल्या सावलीजवळ फार काळ बसू नये, असं खोऱ्यात लहान मुलालाही माहीत होतं. भोराची स्वतःची सावली फिकट पडत चालली होती. काल भर उन्हात तो विहिरीवर आला, तेव्हा त्याच्या पायाशी नीट काही दिसलं नव्हतं. बायका घागरी तशाच ठेवून घरी गेल्या.

येसाईनं शेंगांची सुपली बाजूला सारली आणि काठी मागितली.

दोघं पोचली तेव्हा भोरा भिंतीला डोकं टेकून बसला होता. येसाईला पाहून तो उठला, पाणी दिलं. त्याचे हात गार होते. येसाईनं ते जरा वेळ आपल्या हातांत धरून ठेवले.

मग तिनं तमालला गायला सांगितलं.

तमाल गायला. गुरू समोर होती, म्हणून रोजच्यापेक्षा चांगला गायला. सावली भिंतीवरून घसरली, जमिनीवरून सरकत आली आणि भोराच्या गुडघ्याशी टेकून बसली. सूर एकेक पायरी उतरत होता. शेवटची ओळ तेवढी राहिली…

येसाईनं तमालच्या तोंडावर हात ठेवला.

घरात एकदम शांत झालं. सावली हलली नाही.

“का थांबवलंत, माई?” भोरानं घाबरून विचारलं.

“पुढची ओळ तू म्हण.”

“मला गाता येत नाही.”

“माहीत आहे.”

“ती जाईल…” भोरा म्हणाला.

येसाईनं तमालच्या तोंडावरचा हात काढला नाही.

भोरा गुडघ्याशी बसलेल्या सावलीकडे वळला. मग पुटपुटल्यासारखं म्हणू लागला. चाल सुटली. स्वर लागलाच नाही. मध्येच त्यानं रेवलीचं नाव घेतलं. ते त्या ओळीत नव्हतं. पुढे त्याला म्हणवेना. ओळ अर्धीच राहिली.

सावली उठली. त्याच्यासमोर क्षणभर उभी राहिली. मग दाराकडे गेली आणि अंगणातल्या उन्हात दिसेनाशी झाली.

भोरा तोंडावर पंचा धरून रडला. मोठ्यानं, खूप वेळ. येसाई त्याच्याजवळ बसून राहिली. रडणं ओसरल्यावर तिनं त्याला धरून अंगणात नेलं. त्याच्या पायाशी सावली पडली होती. फिकी होती, पण होती.

परतताना तमाल मागे मागे चालत होता. नदीपाशी आल्यावर तो थांबला.

“त्याचा सूर लागला नव्हता,” तो म्हणाला.

“नाही लागला.”

“ओळही पुरी झाली नाही.”

“नाही झाली.”

तमालचा आवाज खाली आला. “मग माझी तिथे गरजच काय होती?”

येसाई काठी टेकून पाण्यात उतरली. मग वळून त्याच्याकडे पाहिलं…

“त्याचा एकट्याचा आवाज भिंतीवरच्या रेवलीपर्यंत पोचला असता का?”