दोन उतार

उत्तरेकडच्या उंच डोंगरात, जिथे वर्षातले सहा महिने बर्फ हटत नाही, तिथे कोल्हा-कोल्हिणीचं एक जोडपं आपल्या लेकीसह राहत होतं. बर्फाखाली उंदीर सरसरला की कोल्हा कान देऊन जागा हेरायचा आणि नेमकी उडी घ्यायचा. कधी पोट भरायचं, कधी अर्धंच.

एका उन्हाळ्यात खाली रस्त्याचं काम सुरू झालं. सुरुंगांच्या आवाजाने उंदीर-ससे पांगले. शिकार शोधत खाली रस्त्यापर्यंत गेलेला कोल्हा ट्रकखाली सापडला. कोल्हीण दिवसभर त्याच्याजवळ बसून राहिली. मग लेकीला घेऊन मजुरांच्या तंबूंपाशी आली.

तिथला स्वयंपाकी मायाळू होता. "खा गं, उरलंय ते तुमचंच," म्हणत तो भात, हाडकं टाकायचा. मजुरांची कुत्री गुरगुरायची, पण त्यांचीही पोटं भरलेली असायची.

एका सकाळी लेकीच्या पायाजवळून उंदीर गेला. तिने मानही वळवली नाही. तिचं लक्ष पातेल्याकडे होतं. कोल्हिणीने ते पाहिलं.

"चल, वर जाऊ," ती म्हणाली.

"वर तर उपास घडतील, आई."

"घडतील. पण शिकशील."

तंबूंपाशीच पिल्लांसह राहणाऱ्या शेजारच्या कोल्हिणीने समजावलं, "अगं, इथे लेक डोळ्यांसमोर तरी आहे. वर एका उतारावर दोघींचं भागणार नाही. एकटी पडशील."

"ठाऊक आहे मला," कोल्हीण म्हणाली आणि चालू लागली.

महिनाभर तिने लेकीला अर्धपोटी ठेवून शिकवलं. लेक चुकायची, रडायची, आईवर रुसायची. ज्या दिवशी तिने स्वतःचा पहिला ससा पकडला, त्या दिवशी आई तिला खिंडीपर्यंत घेऊन गेली.

"पलीकडचा उतार तुझा."

"आणि तू?"

"मी अलीकडे. आता मागे फिरू नकोस."

लेक गेली. कोल्हीण एकटीच बिळात परतली. सवयीने ती एका कडेला सरकून झोपली, लेकीपुरती जागा सोडून.

पहिला मोठा बर्फ पडायच्या आत मजुरांनी तंबू गुंडाळले. स्वयंपाकी गेला. कुत्री मागेच राहिली आणि भुकेने पिसाळल्यासारखी झाली. शेजारणीची पिल्लं शिकार विसरली होती, पळणंही विसरली होती. कुत्र्यांच्या तावडीतून त्यांतलं एकही वाचलं नाही.

वर कोल्हिणीचा हिवाळा अर्धपोटी गेला. बोलायला कुणी नव्हतं. लेक जिवंत आहे की नाही, हेही कळत नव्हतं.

बर्फ वितळू लागला तेव्हा एका संध्याकाळी खिंडीपलीकडून कोल्हेकुई ऐकू आली. आवाज खणखणीत होता, पोट भरलेल्या कोल्हिणीचा. आईने तो ओळखला. तिने मान उंच करून एकदाच साद दिली आणि शिकारीला निघाली.

तात्पर्य: आयत्या घासावर लेकरू जवळ राहतं, पण जगायला शिकत नाही. त्याला जगायला शिकवून दूर धाडते, ती माया एकटेपणा सोसते आणि लेकरू वाचवते.