चौगुले मास्तरांचा बोर्बोरिग्मस

“...आणि बोर्बोरिग्मस म्हणजे काय?”

चौगुले मास्तरांनी हस्तलिखिताचा गठ्ठा मांडीवर घेतला होता, पण त्याची गाठ सोडली नव्हती.

“मूळ ग्रीक,” मुकुंद हेर्लेकर ताडकन म्हणाला. “पोटात वारा फिरताना होणारा गुडगुड आवाज. पान एकशे बारा.”

त्रेपन्न वर्षांचा मुकुंद पुण्याहून तासगावला आला होता तो या गठ्ठ्यासाठीच. इंग्रजीतल्या तीन हजार अवघड शब्दांचा कोश, ग्रीक धातूंसकट. वीस वर्षं त्यात खपला होता. छापखाना तयार होता. अडलं होतं ते मास्तरांच्या दोन ओळींपाशी. त्यांच्या प्रस्तावनेवाचून कोश छापायचा नाही, असं त्याने केव्हाच ठरवलं होतं.

“पान बरोबर असेल,” मास्तर म्हणाले. “ऐकलास कधी?”

“काय?”

“बोर्बोरिग्मस.”

मुकुंद हसला. “कोश करायला ऐकावं कशाला लागतं, मास्तर?”

मास्तर गठ्ठ्याच्या गाठीवरून बोट फिरवत राहिले...

ती गप्प बसायची तऱ्हा मुकुंदच्या ओळखीची होती. सातवीच्या वर्गातली. शब्द आधी अनुभवायचा, मगच वहीत उतरवायचा, असा मास्तरांचा खाक्या. फॉस्फीन म्हणजे मिटल्या डोळ्यांना दिसणारा उजेड. तो बघायला अख्ख्या वर्गाने डोळे चोळले, आणि असे चोळले की तपासणीला आलेल्या साहेबांना वाटलं, गावात डोळ्यांची साथ आली. तीन दिवस सुट्टी!

बोर्बोरिग्मसच्या दिवशी कुणी जेवून यायचं नव्हतं. चाळीस पोरं एकमेकांच्या पोटाला कान लावून बसली. गुडगुड अशी उठली की कौलांवरची कबुतरं घाबरून जी उडाली, ती थेट कवठे महांकाळात जाऊन बसली.

एकटा मुकुंद पहिल्या बाकावर ताठ बसून होता. त्याला अर्थ पाठ होता. घरून पोटभर जेवूनही आला होता. मास्तरांनी त्याला दहापैकी दहा गुण दिले होते, काही न बोलता.

“इकडे ये,” मास्तर आता म्हणाले.

तो जवळ सरकला. मास्तरांनी चाळीस वर्षांपूर्वीसारखा त्याचा कान धरला आणि आपल्या पोटावर, सदऱ्यावर टेकवला. मुकुंदचा चष्मा वाकडा झाला.

आधी काहीच नाही...

मग आतून, फार खोलवरून, दगडी पुलावरून रिकामी बैलगाडी जावी तशी गुडगुड. लांबत गेलेली.

मुकुंदने डोकं उचललं. माजघराच्या दारातून दोन पाट दिसत होते. समोर दोन ताटं, झाकलेली. बारापर्यंत जेवायला येतो, असं पत्र त्यानेच टाकलं होतं. साडेतीन वाजले होते.

“मास्तर... तुम्ही जेवला नाहीत?”

“तू येतो म्हणाला होतास ना.”

“मी... कऱ्हाडात सत्कार ठेवला होता माझा. तिथंच जेवण झालं.”

“छान. काय होतं?”

“...बासुंदी.”

मास्तरांनी मान डोलावली. गठ्ठा न सोडताच उचलला आणि त्याच्या हातात दिला.

“आणि प्रस्तावना, मास्तर?” मुकुंदचा आवाज सातवीतला झाला होता.

“आधी तुला भूक लागू दे.”