अर्धा स्वर वर

"मग सर, तो कॉर्ड तुमच्या लक्षात आला की नाही?"

रॉयलने विचारलं. इनास सर चर्चच्या गायनखोलीत खिडकीपाशी बसले होते. वसईच्या त्या गावात आयुष्यभर त्यांनीच ऑर्गन वाजवला होता. बोटं थरथरायला लागली तशी त्यांनी जागा रॉयलला दिली, आपल्या शिष्याला. सकाळीच मॉनिकाबायच्या तरुण लेकाची मयताची मिस्सा, शेवटची प्रार्थना, झाली होती.

"कुठला कॉर्ड?"

"शेवटच्या गीतातला. ऑगमेंटेड सेव्हन्थ. सी, ई, वर बी फ्लॅट. मधला जी मात्र अर्धा स्वर चढवून जी शार्प. आपल्याकडे कुणी वाजवत नाही. मी तो लांबवला, तर अख्खं चर्च गप्प झालं."

"वाजव."

रॉयल ऑर्गनवर बसला. चारही स्वर एकदम दाबून कॉर्ड वाजवला... बोटं आपसूक पुढच्या एफकडे निघाली.

सरांनी जवळ येऊन त्याचं मनगट धरलं. "इथंच थांब."

"पण सर, तो पुढच्या कॉर्डमध्ये सुटायला हवा."

"का?"

"असा कानाला सोसत नाही."

"हं..."

सरांनी मनगट सोडलं नाही. "आधी कोण गप्प झालं?"

रॉयलने पाहिलं नव्हतं. तो स्वतःच्या बोटांकडे पाहत होता.

"मॉनिकाबाय पहिल्या बाकावर होती. रडत नव्हती, गात होती. त्या ओळीला तिचा स्वर जी वर होता. साध्या जी वर. तुझा जी शार्प त्याला घासला, आणि तो डगमगला. तिनं पदर तोंडाला लावला. मग बाकीचे थांबले."

रॉयलने पट्ट्यांवरून बोटं उचलली.

"ती दारात भेटली मला," तो खालच्या आवाजात म्हणाला. "म्हणाली, माफ कर बाबा, माझ्यामुळं गीत बिघडलं."

"तू काय म्हणालास?"

"...असू द्या म्हणालो."

सर त्याला उठवून स्वतः ऑर्गनवर बसले. "पहिल्यापासून गा. मी वाजवतो."

सर साधेच कॉर्ड वाजवत होते, थरथरत्या बोटांनी. रॉयल गात गात त्या ओळीपाशी आला आणि त्याचा स्वर निघेना.

सरांची बोटं त्याच पट्ट्यांवर दाबलेली राहिली.

"पुढं चला, सर," रॉयल मान खाली घालून म्हणाला.

"तुझं होऊ दे... मी आहे इथं."