त्रिकोणातली दीर्घिका

"मग दुर्बीण कुणाला देऊ, बाई?"

टिल्लूबाई ओट्यावर बसून पावटे सोलत होत्या. शेंग मोडली, दाणे ताटलीत, टरफल सुपात.

"घेतलीस तेव्हा मला विचारलं होतंस?"

"नाही."

"मग देताना कशाला विचारतोस?"

हणमंत दरेकर ओट्याच्या कडेला टेकला. साठी ओलांडलेला माणूस. पुण्यात इंजिनिअर म्हणून जन्म काढला, माणसं हाताखाली होती. पण बाईंच्या ओट्यावर टेकला की तो थेट सातवीत जाऊन बसायचा.

गाव भोरच्या पुढचं, घाटाखालचं. बाई तिथल्या शाळेत विज्ञान शिकवायच्या. पिंपावर काच ठेवून, तिच्याभोवती फिरत, हातानं घासून घासून त्यांनी ताटाएवढा आरसा केला होता आणि पत्र्याच्या नळात बसवून घरचीच दुर्बीण बनवली होती. गाव त्याला 'बाईंची तोफ' म्हणायचं. त्या तोफेतून शनीची कडी बघितल्यावरच गावानं मान्य केलं की बाईंना वेड लागलेलं नाही.

हणमंत हा त्यांचा सगळ्यात तेज डोळ्यांचा विद्यार्थी. कृत्तिकांच्या पुंजक्यात बाकीच्यांना सहा तारे दिसायचे, फार तर सात. हा अकरा मोजायचा, तेही नुसत्या डोळ्यांनी. पुढे त्यानं पुण्यात आकाशनिरीक्षण मंडळ काढलं, व्याख्यानं दिली, तारकागुच्छांचे आणि तेजोमेघांचे फोटो काढून बक्षिसं मिळवली. डोळ्यांचा गर्व होता त्याला, आणि तो त्यानं कधी लपवलाही नाही.

आता त्याच डोळ्यांचा पडदा मध्यभागी झिजत चालला होता. मधलं जाईल, कडेचं राहील, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. डोळ्यांत सुया घेणं चालू होतं.

म्हणून आज तो भाड्याची जीप करून आला होता. जीपमध्ये त्याची महागडी दुर्बीण होती, खोक्यांत भरलेली. ड्रायव्हरनं खोकी ओट्यावर उतरवली आणि तो स्टँडवर चहाला गेला. हणमंतला ती खोकी इथं टाकायची होती आणि आकाशाचं नाव कायमचं सोडायचं होतं.

"तुमच्याकडे राहू दे. शाळेतल्या पोरांना दाखवा. मला ती घरात नको झालीय, बाई. दिसली की त्रास होतो."

"दिसते ना पण?"

"बाई, चेष्टा नको."

"चेष्टा कसली? तुला खोकी दिसतात. मी दिसते..."

"तुम्ही नाही दिसत."

बाईंचा हात थांबला.

"तुमच्याकडे बघितलं की तुमचा चेहरा जातो. कान दिसतात. कानातल्या कुड्या दिसतात."

गोठ्यातली म्हैस दावणीशी हलली, तेवढाच आवाज झाला.

"कुड्या चांगल्या आहेत," बाई शेवटी म्हणाल्या. "माझ्या आईच्या आहेत त्या."

मग पदरानं त्यांनी डोळे टिपले. हणमंतला ते दिसलं नाही, आणि बाईंना त्याचंच जास्त वाईट वाटलं.

"सुया चुकवत नाहीस ना?"

"नाही."

"चुकवू नकोस." बाईंनी सूप बाजूला सारलं आणि गुडघ्यावर हात देऊन त्या उठल्या. "चल."

"कुठं?"

"खळ्यावर. आज अमावास्या आहे."

खळं घरामागं. मळणी आता यंत्रावर होते, त्यामुळे खळ्यावर तोफच उभी असते. बाईंनी तिच्यावरचं ताडपत्रीचं पांघरूण काढलं. सूर्य डोंगराआड जाऊन बराच वेळ झाला होता, पण चौकातल्या उंच खांबावरचे दिवे पेटलेले होते आणि निम्मं आकाश दुधाळ दिसत होतं.

"या उजेडात काय बघणार, बाई?"

"थांब जरा."

थोड्या वेळानं चौकातले दिवे गेले. सगळे एकदम. गावावर अंधार पडला आणि कुत्र्यांनी थोडा वेळ त्याचा निषेध केला.

"लोडशेडिंग?"

"छे. संपत शेडगे सरपंच आहे आता. अमावास्येला जेवणाच्या आधी तासभर चौकातले दिवे बंद ठेवतो, माझ्यासाठी. माझ्या हातच्या छड्या खाल्ल्यात त्यानं." बाई खूश होत्या. "खिशातला मोबाइल काढ."

"का?"

"काढ म्हणते ना! उजेड डोळ्यांत गेला की सगळं पहिल्यापासून. तो त्या पालथ्या पाटीखाली ठेव आणि बस घोंगडीवर. काही बघू नकोस."

हणमंत बसला. अंधार हळूहळू मुरू लागला. कडब्याचा वास तोच होता. त्याला एकदम भरून आलं.

"बाई, इथंच झोपायचो आम्ही. ओळीनं. कंदील बारीक करून तुम्ही काठीनं दाखवायच्या... ती शर्मिष्ठा, तो ययाती, ती देवयानी."

"हं."

"एकदा तुम्ही म्हणालात, कसला हा संसार! आकाशात गेले तरी एकमेकांचा शेजार काही सुटला नाही. आम्हाला तेव्हा काही कळलं नाही, पण हसलो. तुम्ही हसलात म्हणून."

"तुम्ही कशालाही हसायचात."

"किती अंधार होता तेव्हा! हात पुढं केला तर दिसायचा नाही. आणि वर मात्र..." त्यानं मान वर केली. "तेव्हा मला सगळं दिसायचं, बाई."

"सगळं?"

"सगळं."

"त्रिकोणातली दीर्घिका?"

हणमंत घोंगडीची दशी ओढू लागला.

देवयानीच्या जवळ तीन ताऱ्यांचा एक चिंचोळा त्रिकोण आहे. त्याच्या बाजूला एक फार पुसट दीर्घिका आहे, म्हणजे आपल्यापासून फार दूरची दुसरी आकाशगंगा. चांगल्या अंधारातही ती हाती लागता लागत नाही. हणमंत सातवीत असताना बाईंनी तोफ तिच्यावर लावली, तेव्हा पोरांपैकी पुष्कळांना ती दिसली. बाटलीच्या बुडासारखा चष्मा लावणाऱ्या चंपा मळेकरलाही दिसली. अकरा कृत्तिका मोजणाऱ्या हणमंतला मात्र नाही. तो म्हणाला, दुर्बीण बिघडलीय. बाई म्हणाल्या, नाचता येईना अंगण वाकडं. सगळा वर्ग हसला. त्यानंतर हणमंत पुष्कळ दिवस खळ्यावर फिरकला नाही.

"मी तिचा फोटो काढलाय," तो आता म्हणाला. "मोठं बक्षीस मिळालं त्याला."

"ती कॅमेऱ्यानं बघितली. तू?"

हणमंतनं तोंड दुसरीकडे केलं.

"तू बघितलीस का, हणमंता?"

"नाही."

यात गूढ काही नव्हतं. पुसट गोष्ट थेट बघायला गेलं की दिसत नाही. नजर जरा बाजूला ठेवायची, मग ती डोळ्याच्या कडेला येऊन बसते. आकाश बघणाऱ्या कुणालाही हे माहीत असतं. हणमंत स्वतः व्याख्यानांत लोकांना हेच सांगायचा. पण ही युक्ती कच्च्या डोळ्यांच्या माणसांसाठी आहे, असं त्याचं मत होतं. त्यानं जन्मभर सगळं डोळ्याला डोळा भिडवून बघितलं, आणि जे तसं दिसलं नाही ते कॅमेऱ्यावर सोपवलं.

बाई तोफेपाशी गेल्या. नळाला दोन्ही हातांनी कवेत घेऊन त्यांनी तिला वळवलं, वाकून बघितलं, पुन्हा किंचित हलवलं. चौऱ्याऐंशीचं वय, पण हात थरथरला नाही.

"ये."

"नको, बाई."

"ये म्हणते ना."

"तुम्हाला कसं सांगू? मागच्या महिन्यात गच्चीवर कृत्तिका लावल्या होत्या. ज्या ताऱ्याकडे बघेन, तो जातो. शेजारचे राहतात. शेजारच्याकडे बघितलं की तोही जातो. मी एकेक करून सगळ्या कृत्तिका घालवल्या..." तो थांबला. "लहान पोरासारखा रडलो, बाई. बायकोला खोटं सांगितलं, थंडीनं डोळ्यांतून पाणी येतंय म्हणून. मला पुन्हा ते नको."

बाईंनी तोफेवरचा हात काढला नाही.

"ती पुढं सरकतेय, मी तोफ मागोमाग वळवतेय," त्या म्हणाल्या. "आकाश कुणासाठी थांबत नाही. बघायचं तर आत्ता."

हणमंत उठला. चाचपडत तोफेपाशी आला, वाकला. गुडघा कटकन वाजला.

"काही नाही."

"कुठं बघतोयस?"

"मधोमध."

"तिथं काय आहे?"

"माझा डाग. दुसरं काय असणार?"

"मग असू दे त्याला तिथं."

"म्हणजे?"

बाईंनी तोफ किंचित पुढं सरकवली.

हणमंत बघत राहिला. मधोमध काळं. त्यानं डोळा फिरवला, तर काळं बरोबर फिरलं. पुन्हा फिरवला, पुन्हा तेच. जन्मात पहिल्यांदाच त्याच्या नजरेला टेकायला जागा उरली नव्हती. मान भरून आली. त्यानं ठरवलं, आता बाईंचं मन राखायला जरा वेळ वाकून राहायचं आणि मग सरळ व्हायचं. त्यानं शोधणं सोडून दिलं.

आणि मग डागाच्या कडेला काहीतरी होतं.

थंडीत तांब्यावर श्वास सोडला की जसा धुरकटपणा धरतो, तसं. एवढंसं नव्हतं ते. डागाच्या एका अंगाला होतं, मग दुसऱ्याही अंगाला. त्यानं त्याच्याकडे बघायला डोळा वळवला आणि ते गेलं.

तो थांबला. डोळा होता तिथं परत आणला. डाग मधोमध बसू दिला.

ते परत आलं.

"बाई..."

"हं."

"आहे."

"काय आहे?"

"मोठी आहे. मला वाटायचं, ठिपका असेल. बाई, केवढी मोठी आहे!"

"हो."

"चंपाला हीच दिसली होती?"

"हीच."

हणमंत रडायला लागला. आवाज न करता, वाकल्यावाकल्या.

"रड पाहिजे तेवढा," बाई म्हणाल्या, "पण भिंग ओलं करू नकोस. दहिवरानं आधीच बेजार आहे मी."

तो हसला. मग एकदम घाबरला आणि सरळ झाला.

"बाई, खरंच दिसली का मला? की फोटो आठवतोय? तो फोटो मी इतक्यांदा बघितलाय की..."

"फोटोत कशी आहे?"

"निळसर. भोवऱ्यासारखे दोन हात. मधून मधून गुलाबी ठिपके."

"आणि आत्ता?"

तो पुन्हा वाकला. बऱ्याच वेळानं म्हणाला, "राखेसारखी. आकार नाही, काही नाही. नुसती... आहे."

"मग फोटो नाही तो."

गावात कुणीतरी भांडं घासत होतं, तो आवाज इथंवर येत होता. हणमंतला वाटलं, सगळी पोरं अजून घोंगडीवर ओळीनं पडलेली आहेत आणि आपण मान वर केली की कुणीतरी पाठीत गुद्दा घालणार.

चौकातून हाक आली.

"बाईऽऽ! लावू का दिवे?"

"थांब रे संपत! दमच नाही मेल्याला!" बाई ओरडल्या. या वयातही त्यांचा आवाज शाळेच्या पटांगणाएवढा होता. चौक गप्प झाला.

हणमंत नळाला धरून वाकलेलाच होता. डोळा काढायचं त्याला धाडस होत नव्हतं.

"बाई, एक विचारू?"

"विचार."

"डॉक्टर नक्की काही सांगत नाहीत. डाग वाढेल म्हणतात... किती वाढेल, ते नाही सांगत." त्यानं डोळा भिंगाला तसाच लावून ठेवला. "ही मला अजून किती दिवस दिसेल?"

बाई त्याच्या अगदी जवळ आल्या. त्यांची शाल त्याच्या खांद्याला लागली.

"आत्ता दिसतेय ना?"

"दिसतेय."

"मग सरक जरा. मला बघू दे."