तिन्हीसांजेचं गहाण

एका राज्यात तिन्हीसांज फार सुंदर उतरायची. इतकी, की परमुलखातले सौदागर माल विकून झाला तरी दोन दिवस रेंगाळत आणि कुणी विचारलं तर बैल थकलेत म्हणून सांगत. त्या राज्याचा राजा अरिंजय. मनाने उदार, हाताने सढळ, आणि हिशेब म्हटलं की जांभई देणारा. डोंगरापलीकडची इंदुलेखा त्याची राणी होऊन आली.

पहिल्याच संध्याकाळी राणी तळ्याकाठी उभी राहिली. सूर्य पाण्यात उतरत होता.

"महाराज," ती म्हणाली, "इथे घर असावं. त्याला पश्चिमेकडे खिडक्या असाव्यात. आपण दोघांनी रोज बसून हे पाहावं."

एवढंच म्हणाली. पण राजाने ते मनावर घेतलं, आणि राजाने मनावर घेतलं की साध्या घरावर कसं भागेल! सात मजली महाल हवा, खिडक्यांना नीलमणी हवेत, वर गच्चीवर मोर हवेत. खजिन्यात तेवढं धन नव्हतं. तेव्हा तळ्याच्या पैलतीरावरून धूम्रकेश मांत्रिक आला. उंच, वाळका, केसांतून सदा धूर निघत असलेला आणि बोलायला मोठा गोड. खोटं बोलणं त्याच्या विद्येत बसत नव्हतं. न विचारलेलं सांगणंही बसत नव्हतं.

"महाल रातोरात उभा करतो," धूम्रकेश म्हणाला. "फेड तीन तऱ्हांनी होते. वर्षभर अहोरात्र माझ्या गुहेत राहावं. किंवा सात वर्षं रोजचा अर्धा दिवस द्यावा. किंवा रोज नुसती तिन्हीसांज द्यावी, फेड होईपर्यंत. सोसेल ते घ्या."

राजा हसला. "रोजची एक सांज! एवढ्यासाठी गुहेत कोण कुजत बसेल?"

त्याने हातावर हात दिला. फेड होईपर्यंत म्हणजे कधीपर्यंत, हे त्याने विचारलं नाही. राजाने असलं काही विचारायचं म्हणजे चिक्कूपणा दिसला असता ना!

सकाळी लोक उठून पाहतात तो तळ्याकाठी महाल उभा. राणी धावत सातव्या मजल्यावर गेली आणि पश्चिमेच्या खिडकीत दोन आसनं मांडून आली. सूर्य टेकला. राजा आसनावर बसला, आणि बसल्या जागी त्याचा धूर झाला. तो धूर खिडकीतून निघाला, तळ्यावरून पलीकडे गेला. सगळे दिवे मालवल्यावर राजा परत आला. डोळे रिकामे, तोंडात शब्द नाही. दोन घास खाऊन तो झोपला.

मग रोज तेच झालं. सुरुवातीला दोघं त्यावर हसत. दिवस तर आपलाच आहे, असं म्हणत. पण दिवस दरबाराचा होता, फिर्यादींचा होता, सरदारांच्या मानापमानाचा होता. राणीच्या वाट्याला येणारी वेळ होती ती नेमकी गहाण पडली होती. तळ्यापलीकडून वाटसरू त्या उजळलेल्या खिडक्या पाहत आणि म्हणत, काय नशीब काढलंय राणीने! आणि राणी खिडकीत बसून शेजारच्या रिकाम्या आसनाकडे पाहत असे. राजाने तर आपल्या घराचे दिवे लागलेले कधी पाहिलेच नव्हते.

त्यांना कलिका नावाची मुलगी झाली. ती चालू लागली, प्रश्न विचारू लागली.

"आईसाहेब, आबासाहेब सांजेला कुठे जातात?"

"आपल्या घरासाठी जातात, बाळ."

"पण घर तर आहे."

 राणीने मुलीला जवळ ओढलं आणि दिवा लावला.

वर्षं गेली. कलिका मोठी झाली, समुद्राकाठच्या एका राजपुत्राशी तिचं लग्न ठरलं. वैशाखी पौर्णिमा झाली की दुसऱ्या सकाळी तिची पालखी निघायची होती. राणीच्या मनात आता एकच इच्छा उरली. मुलगी जाण्याआधी एक तिन्हीसांज, फक्त एक, तिघांनी एकत्र बसून पाहावी. त्या इच्छेने तिला अन्न गोड लागेना.

तिने राजाला विचारलं, "महाराज, फेड कुठवर आली?"

"बरीच झाली असेल. एक दिवस चुकवलेला नाही मी."

"पण कुठवर?"

राजाने बोटं मोजून पाहिली आणि सोडून दिली. त्याला माहीत नव्हतं. राणी संतापली, आणि मग तिला स्वतःचाच संताप आला, कारण इतक्या वर्षांत तिनेही आजच विचारलं होतं.

सकाळी ती तळ्याकाठी गेली. तिथे गोट्यांमध्ये अंडी घालून एक टिटवी बसली होती.

"पैलतीरी कसं जावं?" राणीने विचारलं.

"कशाला जायचंय?" टिटवी म्हणाली.

"आमच्या सांजा कुठे गेल्या ते विचारायला."

"बरंच लवकर सुचलं म्हणायचं!" टिटवी म्हणाली. "मला बघ. उघड्या माळावर संसार आहे. पाऊस आला की भिजते, पण संध्याकाळ माझी असते. ऐक. धूम्रकेशाला तीन प्रश्न विचारता येतात. प्रत्येकासाठी तो एक काम सांगेल. काम केलंस की उत्तर खरं मिळेल. आता माझ्या सावलीवर पाय ठेव."

टिटवी तळ्यावरून उडाली. पाण्यावर तिची सावली पडली, आणि त्या सावलीवर पावलं टाकत राणी पलीकडे गेली.

धूम्रकेश गुहेच्या तोंडाशी बसला होता. त्याने उठून मान दिला.

"या राणीसाहेब. फार वर्षं वाट पाहिली. विचारा."

"आमचं किती घर सुटलं?"

"आपल्या महालात जा. प्रत्येक भिंतीला तळहात लावा. जी ऊबदार लागेल ती तुमची. जी गार लागेल ती माझी."

राणी परतली. तिने सातव्या मजल्यापासून सुरुवात केली. पश्चिमेची खिडकी गार. गाण्याचा दिवाणखाना गार. कलिकेचा झोपाळा टांगलेली तुळई, जिच्याखाली बसून राणीने अंगाई म्हटली होती, तीही गार. ती एकेक मजला उतरत गेली, तळहात बधिर होत गेले. स्वयंपाकघर गार, देवघर गार. शेवटी ती दारात बसली आणि तिने उंबऱ्यावर हात ठेवला. उंबरा ऊबदार होता. नुसता उंबरा. मुलगी लग्नाला आली होती, आणि एवढ्या सांजा मोजून त्यांनी उंबरा तेवढा सोडवला होता. राणी तिथेच बसून रडली.

दुसऱ्या दिवशी टिटवीच्या सावलीवरून पुन्हा पलीकडे जाऊन तिने दुसरा प्रश्न विचारला. "मग बाकीच्या सांजा कुठे गेल्या?"

"सूर्य टेकेपर्यंत थांबा," धूम्रकेश म्हणाला. "महाराजांच्या सांजेचा कटोरा भरेल, तो आज तुम्ही आत न्या. थेंब सांडू नका."

सूर्य टेकला. तळ्यावरून धूर आला, गुहेत उतरला आणि त्याचा राजा झाला. डोळे मिटलेले. त्याच्या छातीतून केशरी उजेड पाझरू लागला आणि खालच्या कटोऱ्यात साठला. तो उजेड राणीने ओळखला. त्यात दिवसभराचं बोलायचं राहिलेलं होतं, तिच्या हातचं खायचं राहिलेलं होतं, मुलीला खांद्यावर घ्यायचं राहिलेलं होतं. कटोरा काठोकाठ भरला. राणीने तो दोन्ही हातांनी उचलला आणि आतल्या गुहेत नेला.

आत त्यांचा महाल होता, हातभर उंचीचा, काळ्या दगडाचा. त्याला एका प्रचंड अजगराने वेटोळी घातली होती. अजगराने मान वर केली, कटोऱ्याला तोंड लावलं आणि तो पीत राहिला. पिऊन झाल्यावर तळाशी एक थेंब उरला. तो थेंब दगडी महालाच्या उंबऱ्यावर पडला, आणि उंबऱ्याचा मोहरीएवढा भाग सोन्याचा झाला.

"एवढंच!" राणीच्या तोंडून निघालं.

"आधी तो पितो," धूम्रकेश मागून म्हणाला. "उरेल ते घराला. महालाचा जितका भाग माझा, तितकी त्याची भूक. महाल मोठा, म्हणून भूक मोठी. आणि तीन तऱ्हांतून तुमच्या महाराजांनी कटोरा सगळ्यात धाकटा निवडला."

"हे तुम्ही त्यांना सांगितलं नाहीत!"

"विचारलं असतं तर पहिल्या दिवशीच सांगितलं असतं."

तो हे मुळीच कुत्सितपणे म्हणाला नाही, आणि म्हणूनच राणीला त्याचा जास्त राग आला. पण राग गिळून तिने तिसरा प्रश्न विचारला. "वेटोळं सुटेल कसं?"

"या चालीने सुटेल तेव्हा कलिकेच्या नातवंडांचे केस पिकलेले असतील. लवकर हवं तर दोन वाटा आहेत. जेवढा महाल परत द्याल, तेवढी त्याची भूक मरेल. आणि रोजच्या कटोऱ्यावर जे जादा आणाल, त्याला तो तोंड लावत नाही. ते सरळ घरावर पडतं. या वाटा चालणं हेच तुमचं तिसरं काम. पण परत द्यायचं ते मजल्याचं नाव घेऊन, आपल्या तोंडाने सोडावं लागेल. आणि ज्याने गहाण ठेवलं त्याने हो म्हणायला हवं."

राणी राजासमोर आली. त्याचा हात हातात घेऊन तिने हाक मारली. त्याने डोळे उघडले. किती वर्षांनी तिने सांजेच्या वेळी त्याचे डोळे पाहिले!

"महाराज, महाल देऊन टाकू?"

"तुझ्यासाठी बांधला होता."

"ठाऊक आहे मला. देऊ?"

राजाच्या गालांवरून पाणी वाहू लागलं. "दे," तो म्हणाला.

राणीने नावं घेतली. सातवा मजला, पश्चिमेच्या खिडकीचा. सहावा, गाण्याचा. पाचवा, पाहुण्यांचा. चौथा, झोपाळ्याचा आणि अंगाईचा. तिसरा. दुसरा. तळ्यापलीकडे एकेक मजला धुरासारखा विरत गेला, मोर उडून आंब्यावर बसले, आणि गावकरी तोंडात बोट घालून पाहत राहिले. गुहेत अजगर आक्रसत गेला, आणि शेवटी पाण्यातल्या दिवडाएवढा झाला.

आता खालचा मजला तेवढा उरला. उंबरा सोडून त्याच्या भिंती अजून गारच होत्या, आणि वैशाख तोंडावर आला होता. राणी परतून कलिकेजवळ बसली.

"मी तुझ्या आबासाहेबांबरोबर माझाही कटोरा भरायचं म्हणते. पण मग सांजेला तू एकटी पडशील. जाण्याआधीचे थोडेच तर दिवस उरलेत."

कलिकेने तोंड फिरवलं. मग ती म्हणाली, "जा आईसाहेब. दिवा मला एकटीला लावता येतो."

त्या दिवसापासून सूर्य टेकला की दोन धूर तळ्यावरून जाऊ लागले. राजाच्या कटोऱ्यातून दिवडाएवढा तो अजगर चार घोट पिई आणि मान टाके. उरलेलं सगळं घरावर पडे. राणीचा कटोरा तर पुरता घराचा. उंबऱ्याला जिथे आयुष्य लागलं होतं, तिथे ओसरीला आठवडाही लागला नाही. दगडी महालातलं स्वयंपाकघर सोन्याचं झालं, मग माजघर. कलिका रोज सकाळी घरातल्या भिंतींना हात लावून पाही आणि कोणती ऊबदार झाली ते हसत सांगत येई. मात्र सांजेला ती एकटीच ओसरीवर बसे, आणि ते आठवून गुहेत राणीचा जीव तुटे.

पौर्णिमेच्या आदल्या सांजेला देवघराची शेवटची भिंत सोन्याची झाली. अजगर दोरीएवढा झाला, सुतळीएवढा झाला, आणि कुणी न ओढताच गळून पडला. धूम्रकेशाने हात जोडले.

"फिटलं," तो म्हणाला. "तुमची वेळ तुम्हाला लखलाभ."

तो गुहा उचलून काखेत मारून निघून गेला. पुढे राजाने दवंडी पिटवली, की या राज्यात कुणीही काही गहाण ठेवताना तीन गोष्टी मोठ्याने विचारल्याशिवाय हातावर हात द्यायचा नाही: किती सुटलं ते कसं कळेल, दिलेलं आधी कुणाच्या पोटात जाईल, आणि लवकर सोडवायचं तर काय करावं. ती दवंडी त्या राज्यात अजून पाळतात.

पौर्णिमेला तिघं ओसरीवर बसली. तिथून सूर्य अर्धाच दिसत होता, अर्धा आंब्याआड गेला होता. कलिकेने दिवा लावला. राजाने आपलं घर उजळलेलं पहिल्यांदा पाहिलं.  सांजेला काय बोलायचं असतं हे राजाला ठाऊकच नव्हतं. तो नुसता मुलीच्या चेहऱ्याकडे पाहत राहिला, आणि ती लाजून हसत राहिली. सांज सरली.

सकाळी पालखी गेली.

त्या दिवशी सूर्य टेकताच राजा सवयीने उठून उभा राहिला. राणीने हात धरून त्याला खाली बसवलं. ओसरी फार रिकामी वाटत होती. राजाने विचारलं, "कलिका पहिला शब्द बोलली, तेव्हा सांजच होती का गं?"

"होय."

"काय म्हणाली?"

राणी सांगावं की नाही या विचारात पडली. मग तिने सांगितलं. "खिडकीतून धूर जाताना तिने बोट दाखवलं आणि म्हणाली, गेले."

राजाने ओंजळीत तोंड झाकलं. तिने त्याला रडू दिलं. अंधार पडेपर्यंत ती त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

"अजून सांग," शेवटी तो म्हणाला. "सगळ्या सांजा सांग."

"एका बैठकीत नाही व्हायच्या."

"मग रोज एक सांग."

तशी ती रोज एक सांगू लागली, आणि तो ऐकू लागला. सांगून संपण्याआधी दोघांचे केस पांढरे झाले. सात मजल्यांवर सुरू झालेली गोष्ट अशी ओसरीवर येऊन बसली, आणि तिथेच राहिली.