हौसाबाईंच्या पोटावरची रेघ

“थांबायचं म्हणजे नक्की काय करायचं, सर?”

विचारत होते आमचे डॉक्टर शार्दूल निंबकर. ऑपरेशनच्या खोलीत, कोपरापर्यंत धुतलेले हात वर धरून उभे. हातांवरून पाणी ठिबकत होतं.

समोर हर्डीकर सर, त्यांचे गुरू. वय बहात्तर. निवृत्त झालेत, पण सकाळी दवाखान्यात फेरी मारल्याशिवाय त्यांना चहा गोड लागत नाही.

मी मंदाकिनी, तिथली सिस्टर. गडहिंग्लजात पंचवीस वर्षं काढली, पुष्कळ डॉक्टर पाहिले. हे शार्दूल हुशार, हाताला चपळ, आणि ते त्यांना फार आधीपासून माहीत होतं.

टेबलावर हौसाबाई चौगुले, पासष्टीच्या. हृदयाचे ठोके चुकतात म्हणून रक्त पातळ करायच्या गोळ्या खाणाऱ्या. मिरची कांडपाला गेल्या, ठसका लागला, तीन दिवस खोकून खोकून बेजार झाल्या. आज सकाळी खोकताना पोटात काहीतरी तटकन तुटलं म्हणाल्या. बेंबीच्या खाली उजवीकडे नारळाएवढी गाठ आली होती.

शार्दूलचं हे एकट्यानं करायचं पहिलं मोठं ऑपरेशन. हात धुण्याआधीच त्यांनी रजिस्टरात लिहून टाकलं होतं, ‘हौसाबाई चौगुले. पोट उघडणे. सर्जन डॉ. शार्दूल निंबकर.’ आमच्याकडे पहिल्या ऑपरेशनचे पेढे सगळ्यांना द्यायची रीत आहे. पेढेसुद्धा सांगून ठेवले होते. उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग.

“पोटात रक्त साचतंय,” शार्दूल म्हणाले. “नाडी एकशे बारा. उघडलं नाही तर ही बाई हातची जाईल.”

“जाईल ना. पण रक्त साचतंय कुठे?”

“पोटात.”

“पोटात कुठे?”

...

सर हौसाबाईंच्या उशाशी गेले. “हौसाबाई, हात न टेकता जरा मान उचला बघू.”

त्यांनी मान उचलली आणि कळवळल्या. “आई गं... जास्तच दुखतंय की ओ.”

पोट ताठ झालं. गाठ होती तिथंच राहिली, उलट आणखी कडक लागली.

“आता स्नायू आवळलेत,” सर म्हणाले. “गाठ आत असती तर त्यांच्याखाली दडली असती. दडली का?”

“नाही.”

“म्हणजे रक्त पोटाच्या भिंतीत आहे. स्नायूच्या पिशवीत. ती पिशवीच त्याला दाबून धरतेय, आणि तू ती फाडायला निघालास. तेही रक्त पाण्यासारखं पातळ असताना.”

“मग मी काय हातावर हात ठेवून बसू?”

सरांनी खिशातलं बॉलपेन काढलं आणि पुढे धरलं.

धुतलेल्या हातानं खिशातलं पेन धरलं की हात बाटले, ऑपरेशन तिथंच संपलं. शार्दूलना ते कळत होतं. भूल देणारे डॉक्टर भरलेली सुई घेऊन त्यांच्याकडे बघत होते.

...

शार्दूलनी पेन घेतलं. कान लाल झाले होते.

“गाठीभोवती रेघ मार. वेळ लिही.”

दहा वाजून वीस मिनिटं.

मग सरांनी आम्हाला असं पळवलं की बोलायची सोय नाही. गोळ्या बंद. रक्त गोठायला मदत करणारं इंजेक्शन, रक्तपेढीतून प्लाझ्मा आणि रक्ताच्या दोन पिशव्या. खोकल्याचं औषध, पोटावर पट्टा. दारात गाडी उभी, कारण रक्तदाब ढासळलाच तर कोल्हापुरात जांघेतून बारीक नळी घालून फुटलेली रक्तवाहिनी बंद करणारे डॉक्टर होते. दुपारी सोनोग्राफीवाले आले. रक्त भिंतीतच होतं, पोट आतून स्वच्छ.

दोन वाजता गाठ रेघेच्या बाहेर आली. चांगली बोटभर.

शार्दूल सकाळपासून खाटेपासून हलले नव्हते. “सर, वाढलीय. आता तरी उघडू?”

“नाडी?”

“अठ्ठ्याण्णव.”

“रक्तदाब?”

“सकाळपेक्षा बरा.”

“मग दुसरी रेघ मार.”

मला सरांचा राग आला, खरं सांगते. बाई मरणाच्या दारात आणि हे म्हातारं रेघा मारायला सांगतंय.

चार वाजले. गाठ नव्या रेघेवरच. पाच... रेघेवर. सहाला नाडी शहाऐंशी, आणि हौसाबाई शार्दूलना म्हणाल्या, “डॉक्टर, तुमी दिवसभर असं बसलाय, कुणी शिक्षा केलीय का तुमाला?”

शार्दूल हसले. त्या दिवसातलं पहिलं हसू.

दुसऱ्या दिवशी गाठ रेघेच्या आत गेली. मी खाटेमागे जाऊन डोळे पुसले. मला कसली लाज?

सातव्या दिवशी हौसाबाई आपल्या पायांनी घरी निघाल्या. पोट जांभळं-हिरवं झालेलं, त्यावर शाईच्या दोन फिकट रेघा. वॉर्डातल्या प्रत्येक बाईला त्यांनी पदर सरकवून त्या दाखवल्या, जत्रेत गोंदवून आणल्यासारख्या. रक्त पातळ करायच्या गोळ्या परत कधी सुरू करायच्या ते शार्दूलनी त्यांच्या लेकाला दोनदा समजावलं. फाटकापर्यंत सोडायला स्वतः गेले. सगळा वॉर्ड दारात गोळा झाला होता.

परत आले ते रजिस्टर घेऊनच. सर खिडकीशी चहा पीत होते.

“सर, पेढे नको म्हणून दुकानात त्याच दिवशी कळवलं. ही ओळ तेवढी खोडतो.”

सरांनी पान बघितलं. ओळ वाचली, सर्जनचं नाव वाचलं. कप खाली ठेवला.

“खोडू नको. पुढे लिही, ‘उघडलं नाही’... आणि जा, पेढे घेऊन ये.”